बाबांचे मेक्सिकोतले सिनेमे

आमच्या घराच्या पुढच्या खोलीत एका फ्रेममध्ये पाच फोटो चिकटवलेले होते. काळे-पांढरे, पोस्टकार्डापेक्षा जरा मोठे. पाचही फोटोंत एकच माणूस. उघडं अंग, रुंद छाती, आणि डोक्यापासून हनुवटीपर्यंत चेहरा झाकणारा, मागून नाडी आवळलेला चकचकीत मुखवटा. एका फोटोत तो मुखवट्यावर कोट-टाय घालून टेबलापाशी बसला आहे आणि समोरच्या बाईशी बोलतो आहे. हा माणूस म्हणजे माझे बाबा, हे मला वयाच्या बावन्नाव्या वर्षापर्यंत माहीत होतं.

विश्वास होता असं मी म्हणत नाही. आपलं आडनाव काय, यावर कोणी विश्वास ठेवत नाही. ते माहीत असतं.

घरात सांगितली जायची ती हकीकत अशी. लग्नाला दोन वर्षं झाली तेव्हा बाबा आमच्या वस्तीतल्या आखाड्यातून मुंबईला गेले, तिथून जहाजाने मेक्सिकोला. तिकडे तेव्हा पैलवानांचे सिनेमे निघत. नायक मुखवटा घातलेला पैलवान, तो रक्तपिशाच्च, वेडे शास्त्रज्ञ, थडग्यातून उठलेली प्रेतं यांच्याशी कुस्ती करून शहर वाचवतो. बाबांनी तीन वर्षं ते काम केलं, मग घरची ओढ लागली म्हणून परत आले, मिलमध्ये लागले. वर्षभराने मी झाले. त्यानंतर बाबा नागपूरच्या बाहेर फारसे गेले नाहीत. मिल, घर, संध्याकाळी आखाडा. गुडघा गेल्यावर आखाड्याच्या कट्ट्यावर.

पुराव्याची गरज कोणाला वाटली नाही, पण पुरावा होता. चौथा फोटो. त्यात मुखवटेवाला मान खाली घालून उभा आहे आणि उजव्या हाताची बोटं कपाळाला टेकलेली आहेत. आमच्याकडे कुस्तीआधी पैलवान मातीला हात लावून तो कपाळाला आणि छातीला लावतो. आमच्या आखाड्यातला मारुतीचा फोटो बौद्ध धर्मांतरानंतर आजोबांच्याच काळात उतरला होता, पण माती कपाळाला लावणं राहिलं. आखाड्यातले म्हातारे त्या फोटोवर बोट ठेवून सांगत, "पाह्य, साता समुद्रापार गेला पण सलामी नाही विसरला." तो फोटो पाहून वस्तीतल्या दोन पिढ्यांनी दंड मारले आहेत.

शाळेत मी या फोटोंसाठी मारामारी केलेली आहे. एक मुलगी म्हणाली, मुखवट्यात कोणीही असू शकते. मी तिची वेणी धरून तिला नळापर्यंत ओढत नेलं. बाईंनी मला वर्गाबाहेर उभं केलं आणि बाबांना बोलावून घेतलं. बाबा आले, बाईंसमोर हात जोडले, आणि घरी जाताना मला म्हणाले, "भांडत नको जाऊ वं त्याच्यावरून. म्हणू दे ज्याले जे म्हणायचं ते." मला तो मोठेपणा वाटला. माझ्या लग्नाच्या बैठकीत सासऱ्यांनी पहिला प्रश्न मेक्सिकोचा विचारला होता. माझा मुलगा पुण्यात नोकरीला आहे, त्याच्या मोबाईलवर पाचवा फोटो आहे.

मी कोराडीला, औष्णिक वीज केंद्राच्या स्टोअर्समध्ये आहे. अठ्ठावीस वर्षं झाली. आलेला माल उघडून पाहायचा, नंबर जुळवायचा, मगच स्वीकारला म्हणून सही करायची. खोक्यावर काय छापलं आहे त्यावर जायचं नाही. नवीन पोरांना मी पहिल्या दिवशी हेच सांगते. घरच्या फोटोंना हा नियम लावावा असं माझ्या मनात कधी आलं नाही. ते फोटो कोणी पाठवले, कोणत्या पाकिटातून आले, एवढंही मी कधी विचारलं नव्हतं.

तीन वर्षांपूर्वी मुलाने दाखवलं की हे सिनेमे आता इंटरनेटवर मिळतात. त्या रविवारपासून मी दुपारी जेवणं आटोपली की एकेक पाहायला लागले. भाषा कळत नव्हती. काहींखाली इंग्रजी ओळी होत्या, काहींखाली त्याही नव्हत्या. फार अडत नसे. गोष्ट साधी असते, आणि दर अर्ध्या तासाने गोष्ट थांबवून एक अख्खी कुस्ती दाखवतात. नायक मुखवटा घालूनच मोटार चालवतो, मुखवटा घालूनच हॉटेलात जेवतो, पोलीस साहेबाच्या खोलीत मुखवटा घालून बसतो, आणि साहेब त्याला एकदाही विचारत नाही की बाबा रे, तू आहेस कोण.

फोटोंतले प्रसंग मी शोधून काढले. कोट-टायवाला सापडला. चौथ्या फोटोतला रिंगणात उतरण्याचा प्रसंगही सापडला. प्रत इतकी खराब होती की पावसात उभं राहून पाहिल्यासारखं वाटत होतं, पण मुखवटेवाला दोरांमधून वाकून आत येतो आणि हात कपाळाकडे जातो, एवढं दिसलं. मी तीन वेळा मागे घेऊन पाहिलं. मग उठून भांडी घासली, कारण मला रडू येईल असं वाटत होतं आणि भांडीही पडली होती.

हळूहळू त्या माणसाची सगळी कारकीर्द माझ्या ध्यानात आली. सुरुवातीला तो दुसऱ्याच्या सिनेमात मार खाणाऱ्यांत होता. मग खलनायकाचा उजवा हात झाला. मग त्याला स्वतःचा मुखवटा मिळाला, आणि चार-पाच वर्षं त्याचे चांगले दिवस होते. त्या काळात तो फार सुंदर पडायचा. चांगल्या पैलवानाची खूण पाडण्यात नसते, पडण्यात असते, हे बाबांनीच शिकवलेलं. मग रंगीत सिनेमे आले, पैसा कमी झाला, पिशाच्चांचे दात प्लॅस्टिकचे दिसायला लागले, त्याचं पोट सुटलं. शेवटच्या एकात तो कुस्ती जिंकतो आणि बाकड्यावर बसतो, आणि कॅमेरा अजून चालू आहे हे विसरून गुडघा दाबतो. बाबा अगदी तसाच गुडघा दाबतात.

हिशेबात एक गोष्ट बसत नव्हती. बाबा परत आल्यावर आणखी दहा वर्षं तो मुखवटा सिनेमांत दिसत होता. त्याचं उत्तर मी स्वतःच शोधलं. मी वाचलं होतं की त्या धंद्यात एका मुखवट्यात अनेक माणसं असत. बोलणारा एक, उड्या मारणारा दुसरा, आवाज तिसऱ्याचा. म्हणजे बाबा आले आणि त्यांच्या जागी दुसरा घातला. स्टोअर्समध्ये कोणी मला असं स्पष्टीकरण दिलं असतं तर मी माल गाडीसकट परत पाठवला असता.

यंदा बाबांना ऐंशी पूर्ण झाली. आखाड्यात मातीच्या जागी गादी आली, वर पत्र्याचा शेड झाला, आणि आखाडा समितीने ठरवलं की उद्घाटन आणि बाबांचा सत्कार एकत्र करायचा. शेडला बाबांचं नाव. समितीचे सचिव माझ्याच शाळेतले, माझ्या दोन वर्षं मागे. ते घरी आले.

"जयभीम ताई. मोठा स्क्रीन लावून राहिलो आम्ही. काकाजीच्या सिनेमातले पाच मिनिटं पाहिजे. ते सलामीवालं तर पाहिजेच पाहिजे. तुमच्यावाणी कोणाले माहिती नाही, तुम्हीच करून द्या."

मी हो म्हटलं. अभिमानाने म्हटलं, हे लिहून ठेवलं पाहिजे.

मोठ्या पडद्यावर खराब प्रत चालणार नाही म्हणून मी स्वच्छ प्रत शोधायला लागले. पंधरा दिवसांत सापडली. तिकडच्या कोणीतरी जुनी रिळं धुऊन-पुसून नवी केली होती. घाम दिसत होता. मुखवट्याची शिवण दिसत होती.

मुखवटेवाला दोरांमधून वाकून आत आला. मातीला, म्हणजे फळ्यांना, त्याने हात लावलाच नाही. दोर धरून वाकला होता तेवढाच. मग सरळ उभा राहिला, बोटं कपाळाला लावली, मग छातीला, मग डाव्या खांद्याला, मग उजव्या, आणि शेवटी अंगठा मुखवट्याच्या फटीतून ओठांना लावून चुंबन घेतलं. छातीवर बारीक साखळीत क्रूस होता.

माझ्या ऑफिसात एक बाई आहे, ख्रिस्ती, जेवणाचा डबा उघडण्याआधी हेच करते. अठ्ठावीस वर्षं मी तिच्यासमोर बसून जेवते आहे.

पुढच्या रविवारी मी लॅपटॉप घेऊन वस्तीतल्या घरी गेले. वाटेत मी बाबांसाठी कारणं तयार करत होते. तिकडच्या लोकांनी करायला लावलं असेल, तिकडची पद्धत असेल, हा प्रसंग दुसऱ्याने केला असेल. आई मागे पालक निवडत होती. बाबा पुढच्या खोलीत पोहे खात होते. मी त्यांच्यासमोर तो प्रसंग लावला.

बाबांनी पूर्ण पाहिला. बशी खाली ठेवली नाही.

"साफ दिसून राहिलं," ते म्हणाले. "चांगला गडी होता."

"होता म्हणजे?"

"होता म्हणजे होता. पाय कसे ठेवते पाह्य ना."

"बाबा, हे तुम्ही आहे की नाही?"

त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की जणू मी पोह्यांत मीठ आहे का असं विचारलं. "नाही. मी कायले राहीन?"

"मग तुम्ही मेक्सिकोत काय करत होते?"

"मी मेक्सिकोले कधी गेलो?" बाबा म्हणाले. "मी कधी म्हटलं तुले, की मी मेक्सिकोले गेलो? आठव. एक दिवस सांग."

मी आठवायला लागले. आणि लिहायला लाज वाटते, पण मला एक दिवस सापडला नाही. सांगायची ती आई. सांगायचे ते आखाड्यातले म्हातारे. बाबा हसायचे, मान हलवायचे, 'जुन्या गोष्टी आहे' म्हणायचे. बावन्न वर्षांत त्यांच्या तोंडून मेक्सिकोचं एक वाक्य मी ऐकलं नव्हतं. मी त्याला विनय समजत होते.

मग त्यांनी सांगितलं, आणि उरलेले पोहे खात सांगितलं. मुंबईला गेले होते हे खरं. तिथे एका ठेकेदाराकडे लागले. तो गावोगाव मांडव टाकून फ्रीस्टाइल कुस्त्या लावायचा. तिकीट लावून. त्याला विदेशी पैलवान पाहिजे असत आणि विदेशी परवडत नसत. बाबांना त्याने मुखवटा शिवून दिला आणि पोस्टरवर छापलं, मेक्सिकोचा सिनेमातला पैलवान. रायपूर, जबलपूर, अकोला, अमरावती. लोकांसमोर बोलायचं नाही, ही अट. बोलले की कळलं.

"आणि कुस्ती?"

"हरायची. रोज. विदेशी हरला पाहिजे ना, मग पब्लिक खुश." बाबांनी बशी खाली ठेवली. "पण फुकट नव्हतो हरत. वीस मिनिटं रडवत होतो त्याले."

"मग हे फोटो? हे मेक्सिको कोणी काढलं?"

बाबांनी हनुवटीने आतल्या दाराकडे दाखवलं. "तुझ्या मायले विचार. मी तीन वर्षांनी आलो तर गल्लीतले लोक हार घेऊन उभे. मले वाटलं कोण्या पुढाऱ्याची वाट पाहून राहिले."

आईला सगळं ऐकू गेलं होतं. ती पालकाच्या काड्या वेगळ्या करत होती, आणि मी समोर उभी राहिले तरी थांबली नाही.

"खरं आहे का, आई?"

"खाली बस, उजेड अडून राहिला."

मी बसले नाही. आईने तशीच सुरुवात केली. बाबांना जाऊन वर्ष झालं होतं, पत्र नाही, निरोप नाही. पोटी लेकरू नाही. सासू बोलत होती, नळावर बाया बोलत होत्या, आणि आईचं माहेर पारशिवनीजवळच्या एका खेड्यात होतं, तिथेही बोलणं पोचलं होतं. एक दिवस मामा बसने आला. तिचं मन रमावं म्हणून तिला कुस्त्या दाखवायला घेऊन गेला. नागपुरात मांडव पडला होता, आठ दिवस मुक्काम. बायांची बसायची जागा वेगळी होती. शेवटच्या कुस्तीला मुखवट्यातला मेक्सिकन आला.

"अन् मले पाठ दिसली," आई म्हणाली. "पाठ नाही का ओळखू येणार मले?"

"मग तू काय केलं?"

"काय करीन? पाहिली कुस्ती. हरला. निघालो. दारात त्या सिनेमाचे फोटो विकून राहिले होते, तुझ्या मामानं पाच घेतले. त्याले काही माहीत नाही, बिचाऱ्याले. मी तेच भिंतीवर लावले. दुसऱ्या दिवशी नळावर एकीनं विचारलं, काय वं, नवरा कुठं पळाला तुझा? मी म्हटलं, मेक्सिकोले आहे, सिनेमात काम करते, हे पाह्य फोटो आले." तिने पालकाची जुडी झटकली. "मेक्सिको कुठं आहे तेही माहीत नव्हतं मले. पोस्टरवर वाचलं होतं."

"आवाज नाही दिला? नवरा समोर होता तुझा."

"त्याले बोलाची बंदी होती. माईकवर सांगतलं ना, याले कोणतीच भाषा येत नाही. नंतर त्यानंही मले सांगतलं, ठेकेदारानं बांधून ठेवलं होतं, मांडवाबाहेर पाय ठेवू देत नव्हता. मग मी काहून आवाज देऊ? त्याची रोजी घालवू?"

"आणि मला? मला काहून नाही सांगितलं?"

"तू लहान होती."

"मी बावन्न वर्षांची आहे आई."

"हे आता आहे ना," आई म्हणाली. "नवरा सिनेमात आहे म्हटलं की लोक गप बसतात. नवरा मांडवात रोज हारून राहिला अन् घरी येऊन नाही राहिला म्हटलं, तर माझं काय झालं असतं? अन् तुले शाळेत काय सांगायला लावलं असतं मी?"

तिचं बरोबर होतं. तिच्या जागी मीही तेच केलं असतं, कदाचित जास्त पद्धतशीर केलं असतं. पण बरोबर असल्याने माझं काही शांत झालं नाही. त्या नळावरच्या बायांना फसवलं, समजलं. सासूला फसवलं, ठीक. त्या बाया मेल्या, सासू मेली. त्यानंतर ही सगळी हकीकत फक्त एका माणसासाठी चालू होती, आणि ते माणूस मी होते. मी रविवारी फोन करून सांगायची, आज अमुक सिनेमा पाहिला, बाबा त्यात छान पडतात. आई म्हणायची, हो का? बाबा म्हणायचे, जुन्या गोष्टी आहे. मग फोन ठेवून दोघं एकमेकांकडे पाहत असतील. हसत असतील की नाही, मला माहीत नाही. दोन्ही सारखंच.

एका अनोळखी माणसाचा गुडघा कोणत्या सिनेमापासून दुखायला लागला हे मला माहीत होतं. माझ्या बापाने रायपूरला काय खाल्लं हे माहीत नव्हतं.

मी निघताना बाबा म्हणाले, "मग ते स्क्रीनवर दाखवशील ना? कोणाले कळत नाही."

"तुम्हाला दाखवायचं आहे?"

"पोरं खुश होतील. अन् शेडले नाव देऊन राहिले ते."

"मी नाही दाखवणार," मी म्हटलं. "तुम्ही मांडवात कुस्त्या केल्या, ते सांगा ना. वीस मिनिटं रडवत होतो, हे सांगा. तेही कुस्तीच आहे."

आतून आई म्हणाली, "तमाशा नको करू वं आता या वयात."

मी सचिवांना फोन केला आणि सगळं सांगितलं.

"ताई," ते म्हणाले, "पत्रिका छापून झाल्या."

"पत्रिका छापून झाल्या म्हणून माणूस मेक्सिकोला जात नाही."

"तसं नाही. तुम्ही म्हणता ते खरं असन. पण आता शेडवर बोर्ड रंगवून झाला. मेक्सिकन चित्रपट गाजवणारे. आमदार येऊन राहिले. अन् मले सांगा, मुखवट्यात कोण होता हे तपासाले मेक्सिकोहून कोणी येणार आहे का?"

"मी आहे ना इथे."

"तुम्ही घरच्या आहे, ताई," ते म्हणाले, आणि ते वाक्य त्यांनी इतक्या प्रेमाने म्हटलं की मी फोन ठेवून दिला.

मी चित्रफीत दिली नाही. समारंभ झाला. कोणीतरी मोबाईलवरून जुनी खराब प्रत काढून लावली. पडद्यावर सगळं धुरकट दिसत होतं, आणि हात कपाळाकडे गेला तेव्हा शेडमध्ये शिट्ट्या वाजल्या. बाबांना पांढरा कुर्ता घातला होता. शाल, नारळ, स्मृतिचिन्ह. आमदारांनी भाषणात त्यांना दोनदा ब्राझीलला पाठवलं. सचिवांनी माईकवरून मला वर बोलावलं, कन्या म्हणून. मी दुसऱ्या रांगेत बसले होते. मी मान हलवून नाही म्हटलं. त्यांनी परत बोलावलं. शेजारच्या बाईने कोपराने ढोसलं, "जा ना वं, बापाचा दिवस आहे." मी बसून राहिले. आई उठली, पदर सारखा केला, आणि गेली. फोटोत आई आहे.

नंतर दोघांना मी माझ्या गाडीतून घरी नेत होते. वस्तीत गाडी दारापर्यंत जात नाही, आणि आमदारांच्या गाड्यांमुळे मागचा रस्ता बंद होता, म्हणून लांबून वळसा घ्यावा लागला. बाबा पुढे बसले होते, मांडीवर नारळ. आई मागे, शालीची घडी घालत.

"तू वर आली नाही," बाबा म्हणाले.

"नाही आले."

"लोक काय म्हणतील?"

"मुलीचे पाय दुखतात म्हणून सांगा. तुम्हाला सवय आहे."

मागून आई म्हणाली, "पुरे वं आता."

सिग्नलला थांबलो. मला भांडण वाढवायचं नव्हतं. मला खरोखर एक गोष्ट जाणून घ्यायची होती, ती मी विचारली. "बाबा, नागपुरात आठ दिवस मांडव होता. दिवसा तुम्ही काय करायचे? तिथे कोंडून ठेवायचे का?"

"कोंडून कायले ठेवते?" बाबा खुशीत होते. सत्काराची खुशी होती, माणसं दोन तास पाया पडत होती. "दुपारी मोकळेच राहत होतो आम्ही. मुखवटा काढला की कोण ओळखते? सीताबर्डीले जायचो. तीनचा शो पाहायचो. दोन सिनेमे पाहिले नागपुरात, का तीन."

मी आरशात पाहिलं. आईचे हात शालीवर थांबले होते.

"घरी काहून नाही आले?" मी विचारलं.

"घरी आलो असतो तर परत जाऊ दिलं असतं का तुम्ही लोकांनी?" बाबा म्हणाले. "मले मजा येऊन राहिली होती ना. लय मजा. तसे दिवस नंतर नाही आले." आणि नारळ दुसऱ्या मांडीवर घेतला.

सिग्नल सुटला. मागचा ऑटोवाला हॉर्न देत होता. मी गाडी काढली. वस्तीचं वळण आलं तशी आई म्हणाली, "याले इथं उतरव."

"आणि तू?"

"मी कोराडीले येतो तुझ्यासोबत."

बाबा वळून म्हणाले, "काहून? गोळ्या कोण देईन मले?"

"मांडवात कोण देत होतं?" आई म्हणाली. त्यांना शाल दिली नाही. ती तिच्या मांडीवरच राहिली, आणि नंतर माझ्या घरी खुर्चीच्या पाठीवर.

याला तीन आठवडे झाले. आई माझ्या क्वार्टरमध्ये आहे. सकाळी मी ड्युटीला जाते तेव्हा ती व्हरांड्यात उडून आलेली वीज केंद्राची राख झाडत असते. इथे रोज झाडावी लागते. मी एक दिवसाआड वस्तीत जाऊन बाबांचा डबा आणि गोळ्या देऊन येते. ते विचारतात, तुझी माय कधी येऊन राहिली? मी सांगते, तिला फोन करा. ते करत नाहीत.

आईला मी अजून माफ केलेलं नाही, आणि तिला ते माहीत आहे. आम्ही कामापुरतं बोलतो. भाजी काय, दूध आलं का, तुझी साडी वाळली. परवा जेवताना ती एकदम म्हणाली, "तीन का दोन, तेही धड आठवत नाही त्याले."

"काय?" मी विचारलं.

"सिनेमे," आई म्हणाली, आणि पोळी मागितली.